आण्णांची छत्री

आमच्या आण्णांकडे लांब दांड्याची एक काळी छत्री आहे, आणि ती पावसाची नाही. पावसात ते डोक्यावर खताचं पोतं घेऊन शेतात जातात. छत्री हमखास बाहेर निघते ती चैत्रात, जोतिबाच्या यात्रेला. तिथं सगळा डोंगर गुलाबी झालेला असतो, देवाच्या उंच सासनकाठ्या डुलत असतात, माणसं ओंजळी भरून गुलाल-खोबरं उधळत असतात, आणि त्या गर्दीत माझे सासरे एकटेच छत्री उघडून उभे असतात. ऊन लागू नये म्हणून नव्हे. गुलाल लागू नये म्हणून.

लग्नानंतरच्या पहिल्याच यात्रेत मी हे बघितलं आणि पदर तोंडाला लावून हसले. कुणी एक पावणं तर तोंडावरच म्हणाले, "काय ओ आण्णा, देवाच्या गुलालालाबी भ्यालाय व्हय?"

"भ्यालो न्हाय," आण्णा म्हणाले. "देवाला सांगून ठेवलंय. निवडून आल्यावर घेणार."

परतीच्या वाटेवर गाडीत मी सासूबाईंना विचारलं. त्यांना घरात सगळे आक्काच म्हणतात. आक्कांनी मागं वळून बघितलं, आण्णा झोपलेत याची खात्री केली आणि मग सांगितलं.

नव्वद सालची विधानसभा. आण्णा पहिल्यांदा उभे राहिले ते अपक्ष, समोर विजयसिंह. विजयसिंहांच्या घरात कारखाना, दूध संघ, बँक. आण्णांच्या घरात दोन म्हशी आणि गावची सोसायटी. तरी माणसं आण्णांच्या मागं लागली, कारण ओढ्यावरच्या पुलासाठी हा माणूस कलेक्टर कचेरीच्या दारात बसून राहिलेला त्यांनी बघितला होता. तेव्हा कागदी मतं होती. पेट्या फोडायच्या, मतपत्रिकांचे गठ्ठे बांधायचे, मग मोजायचे. मोजणी एक अख्खा दिवस चालून दुसऱ्या दिवसात गेली. सकाळी आण्णा दीड हजारानं पुढं होते आणि थोड्याच पेट्या राहिल्या होत्या. बाहेर माणसांना धीर धरवेना. कोल्हापूर जिल्ह्यातल्या माणसाला सगळं जमतं, हातातला गुलाल हातात ठेवून थांबणं तेवढं जमत नाही. कुणीतरी पहिली मूठ उधळली, मग हलगी कडाडली, आणि आण्णांना आत जाऊन बाहेर आणून खांद्यावर घेतलं. धोतर, सदरा, मिशा, कानाच्या पाळ्या, सगळं लाल.

राहिलेल्या पेट्या विजयसिंहांच्या कारखान्याभोवतीच्या गावांच्या होत्या. आण्णा तीनशे मतांनी पडले.

"पडल्याचं काय न्हाय गं," आक्का म्हणाल्या. "पडत्यात माणसं. पण घरला यायला वाट एकच हुती, आणि ती विजयसिंहाच्या गावातनं. चालत आलं. तसंच, लाल. रस्त्याच्या दोन्ही अंगाला माणसं उभी. एकजण वरडला, काय आण्णा, रंगपंचमी लवकर आली व्हय औंदा? आणि सगळा रस्ता हसला."

त्या दिवशी आण्णांच्या खांद्यावर चार वर्षांची क्रांती होती. माझी मोठी नणंद. तिला आम्ही वन्सं म्हणायचं, पण ती म्हणते, "वन्सं म्हणलीस की मी साठ वर्षाची वाटते, ताई म्हण." तर क्रांतीताई. तिला ते सगळं आठवतं, पण वेगळं. तिला वाटलं होतं की आपण जिंकलो. आण्णा लाल, आपण लाल, सगळी माणसं हसताहेत. ती खांद्यावरून खाली उतरली आणि त्या सगळ्या वाटेनं नाचत आली.

"कुणी मला सांगितलंच न्हाई," ती एकदा मला म्हणाली. "आण्णा पण न्हाई. त्यांनी मला नाचू दिलं."

पंच्याण्णवला आण्णा परत उभे राहिले, परत पडले. नव्व्याण्णवला परत. दर वेळी विजयसिंह. पुढं मतपेट्या जाऊन मशीन आली, मतदारसंघांच्या हद्दी बदलल्या, पक्ष फुटले, जोडले, परत फुटले, चिन्हं इकडची तिकडं झाली. आमच्याकडं एकच गोष्ट बदलली नाही. निकालाच्या दिवशी विजयसिंहांच्या वाड्यावर गुलाल आणि आमच्या दारात शांतता. आण्णांनी पुढं उभं राहणं सोडलं, पण छत्री सोडली नाही. गावात कुणाच्या लेकाची वरात असो, पोळा असो, कुस्तीचं मैदान असो, गुलालाचं ताट दिसलं की छत्री फट्दिशी उघडायची. माझ्या लग्नाच्या वरातीतसुद्धा सासरेबुवा छत्रीखाली चालत होते. माझ्या माहेरच्यांना वाटलं, पावण्यांना उन्हाचा त्रास आहे.

एकोणीसला क्रांतीताई उभी राहिली आणि पडली. पण आण्णांपेक्षा जास्त मतं घेऊन पडली. ते घरात कुणी मोठ्यानं बोललं नाही. फक्त आण्णा जेवता जेवता म्हणाले, "माझ्यापेक्षा बरी पडलीस." आणि ताई म्हणाली, "पुढच्या खेपेला तेवढं पण जमायचं न्हाई मला आण्णा, पडायचं विसरणार हाय मी."

चोवीसच्या एप्रिलात मोना झाली. बाळंतपणाला मी माहेरी होते, चंदगडच्या पलीकडं, डोंगराच्या पोटातल्या आमच्या वाडीत. तिथला पाऊस सुरू झाला की थांबायचं नाव घेत नाही, अंथरुणं ओली, काडेपेट्या ओल्या, बाळाची लंगोटं चुलीवर वाळवायची. अशा जुलैत क्रांतीताई भाचीला बघायला आली. एसटी घाटाखालीच थांबते, तिथून वाडीपर्यंत चढ. ती चालत आली, हातात बाळंतविड्याची पिशवी आणि पोटऱ्यांवर तीन जळवा. माझ्या आईनं, तानाबाईनं, तिला चुलीपाशी बसवलं आणि चिमटीत मीठ घेऊन एकेक जळू सोडवली. वाडीतल्या बायका दारात जमून हसत होत्या. "आमदारीणबाई, रक्त तरी द्या म्हणतंय आमचं गाव!"

ताई दोन दिवस राहिली. मताचा एक शब्द काढला नाही. मोनाला मांडीवर घेऊन बसायची, बायका यायच्या, बोलायच्या. बोलणं फिरून फिरून एकाच गोष्टीवर यायचं. कॉलेजच्या पोरींना पहाटे अंधारात घाट उतरावा लागतो, गाडी वर येत नाही. ताईनं ऐकून घेतलं. पुढं ऑगस्टात ती डेपोत इतक्या वेळा जाऊन बसली की तिथला साहेब तिला बघितलं की चहाच सांगायचा. गणपतीच्या आधी सकाळची गाडी वाडीपर्यंत आली. पहिल्या दिवशी बायकांनी ड्रायव्हरला ओवाळलं.

पुढं विधानसभा लागली, ताई परत उभी राहिली, आणि माझी वाडी तिच्याच मतदारसंघात होती. पण मत वेगळं आणि ओवाळणं वेगळं, हे मला माहीत होतं. वाडीतले निम्मे पुरुष विजयसिंहांच्या कारखान्यावर कामाला. मतदान झालं त्या संध्याकाळी मी आईला फोन केला.

"आई, वाडीचं काय?"

"काय म्हंजे?"

"कपबशीला किती पडलं असंल?" कपबशी हे ताईचं चिन्ह.

"मतदान गुप्त असतंय," आई म्हणाली. "मास्तरांनी सांगितलंय. मोनाला सर्दी कमी हाय का?"

मतमोजणीला आत टेबलापाशी बसायला उमेदवाराची माणसं लागतात. ताईचं म्हणणं, निम्म्या तरी बाया पाहिजेत. नावं काढताना तिनं माझ्याकडं बघितलं.

"अगं, तिचं लेकरू अंगावर पितंय," आक्का म्हणाल्या.

"आक्का, एकदा आत गेलं की संपेपर्यंत बाहेर येता येत न्हाई, माहीत हाय मला," ताई म्हणाली. "म्हणून तर तिलाच घेते. उठून चहाला न जाणारं माणूस पाहिजे मला."

माझा नवरा सम्राट म्हणाला, "जा गं. मोनाला आम्ही बघतो." मग थोडं थांबून, "म्हंजे आक्का बघतील."

आणि आण्णांनी एकच अट घातली. ती मला नाही, गुंडूला. गुंडू म्हणजे आमच्या गावची हलगी, आमच्या गावचा आवाज, आणि निवडणूक लागल्यापासून आमच्या दारात मुक्कामाला. त्यानं निकालासाठी ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत गुलालाची पोती भरून ठेवली होती, वर ताडपत्री.

"पोरीच्या हातात सर्टिफिकेट पडल्याबिगर एक चिमूट जरी बाहेर आली, तर बघ," आण्णा म्हणाले.

"आण्णा, एवढा विश्वास न्हाय व्हय माझ्यावर?"

"न्हाय."

तेवीस नोव्हेंबरला सकाळी मी निघाले तेव्हा आण्णा आधीच ट्रॉलीत ताडपत्रीवर बसले होते, मांडीवर छत्री आडवी. बंदूक घेतलेल्या राखणदारासारखे. रस्त्यात उसाच्या गाड्या, त्यांच्यामागं आमची ट्रॉली, आणि तिच्यावर आमचे आण्णा. मोना आक्कांच्या कडेवरून त्यांना हात करत होती.

मोजणी तालुक्याच्या गावी एका मोठ्या गोदामात होती. आत टेबलांची रांग, टेबलांच्या आणि आमच्या मध्ये जाळी. टेबलावर मशीन येतं, सील दाखवतात, बटण दाबलं की एकेका उमेदवाराचा आकडा छोट्या पडद्यावर उमटतो, आणि जाळीच्या अलीकडं आम्ही तो लिहून घेतो. एका बाजूला मी, एका बाजूला विजयसिंहांचा माणूस, जोतीराम नावाचा. साठीचा, पांढरी टोपी. त्यानं पहिल्याच फेरीला मला विचारलं, "पहिल्यांदाच का?"

"व्हय."

"मी आठव्यांदा," तो म्हणाला. "सात वेळा गुलाल. पाणी आणलंय न्हवं? लई तहान लागती बघा आत."

पहिल्या फेऱ्यांत विजयसिंह पुढं. मग ताई थोडी वर आली. परत खाली. एखाद्या गावाचं मशीन उघडलं की जोतीराम टोपी सारखी करायचा, एखाद्या गावाचं उघडलं की मी पदर सारखा करायची. आकडे एकमेकांच्या पाठीवर पाय देऊन चढत होते. ताई आत, दुसऱ्या कोपऱ्यात उमेदवारांच्या खुर्च्यांवर बसली होती, ताठ. विजयसिंह तिच्यापासून दोन खुर्च्या सोडून. सत्तरी उलटलेला माणूस, पण केस काळेभोर. दोघं एकमेकांकडं बघत नव्हते.

दुपारच्या सुमाराला माझ्या टेबलावर माझ्या वाडीचं मशीन आलं. मला गावाचं नाव वाचताच कळलं. ज्या शाळेत मी अक्षरं गिरवली तिथलं ते मशीन होतं. अधिकाऱ्यांनी बटण दाबलं. पडदा काळाच. परत दाबलं. बॅटरी बदलली. पडदा काळा.

"डिस्प्ले येत नाही," बाई अधिकारी म्हणाल्या. मोठे साहेब येऊन बघून गेले. "हे बाजूला ठेवा. याच्या चिठ्ठ्या शेवटी मोजू."

मतदान करताना मशीनच्या शेजारच्या डब्यात चिन्हाची चिठ्ठी पडते ना, त्या चिठ्ठ्या. जोतीरामनं मान हलवली, मी हलवली, दोघांनी सही केली. मशीन भिंतीकडेला एका टेबलावर जाऊन बसलं. मला ते सारखं दिसत होतं. माझ्या छातीत दूध भरून आलं होतं आणि अंगावरची साडी ओली व्हायला लागली होती. मी पदर दुहेरी करून घेतला.

शेवटची फेरी संपली. साहेबांनी माइक घेतला. विजयसिंह दोनशे चाळीस मतांनी पुढं. "एका मतदान केंद्राची मोजणी बाकी आहे, ती चिठ्ठ्यांद्वारे होईल..."

पुढचं कुणी ऐकलं नाही. कर्ण्यातून "पुढे" एवढा शब्द बाहेर गेला आणि बाहेर फटाक्यांची माळ लागली. हलग्या, ताशा, आणि पाठोपाठ तो आवाज, हजार माणसं एकदम ओरडल्यावर येतो तो. खिडकीच्या काचेबाहेर सगळं लाल झालं. विजयसिंहांचे चार कार्यकर्ते दारातल्या पोलिसांशी हुज्जत घालत त्यांना हाका मारायला लागले. विजयसिंह उठले. मोजणीचे साहेब त्यांना म्हणाले, "साहेब, अजून एक केंद्र आहे." त्यांनी हात हलवला. एका वाडीचं मशीन. चाळीस वर्षं असली मशीनं आणि असल्या पेट्या त्यांच्याच होत्या. ते दाराबाहेर गेले आणि माणसांनी त्यांना उचललं.

जोतीराम जागचा हलला नाही. त्यानं माझ्याकडं बघितलं. "वाडी तुमच्या वळखीची दिसतीया," तो म्हणाला.

"माहेर हाय माझं."

"आयला," तो म्हणाला आणि टोपी काढून मांडीवर ठेवली.

चिठ्ठ्यांची तयारी व्हायला वेळ होता. दारातली पोलीस बाई सकाळपासून माझी अवस्था बघत होती. ती जवळ येऊन हळूच म्हणाली, "आतल्या खोलीत बसा. बाहेर जायचं नाही, मी पोरीला आत आणते." देव तिचं भलं करो. दोन मिनिटांत बाहेर ट्रॉलीपाशी थांबलेल्या आक्का मोनाला घेऊन आल्या. मोना रडून रडून लाल झाली होती. तोंड लावलं आणि तिनं हुंदका गिळला, आणि मीही. तिचा एक हात माझ्या मंगळसूत्राशी खेळत होता. बाहेर सगळं जग फुटत होतं आणि माझ्या मांडीवर घुटूक घुटूक एवढाच आवाज.

आक्का खिडकीशी उभ्या होत्या. बाहेरचा गुलाल बघत होत्या. "झालं का गं?" त्या म्हणाल्या. "परत झालं?"

"झालं न्हाय आक्का. माझ्या वाडीची मतं राह्यलीत."

त्या वळल्या. "तुझी आई काय म्हणाली हुती?"

"मतदान गुप्त असतंय म्हणाली."

आक्का मटकन बाकावर बसल्या. "आण्णांनी गुंडूला ट्रॉलीत दाबून धरलंय," त्या म्हणाल्या. "तिकडं फटाके वाजले तशी आपली पोरं रडाय लागली. आण्णा म्हणालं, अजून संपलं न्हाय, गप बसा. त्यांना कसं कळलं असंल?"

"त्यांना कळलं न्हाय," मी म्हणाले. "ते फक्त थांबलेत."

मोना झोपली. मी तिला आक्कांच्या पदरात दिलं आणि जाळीपाशी गेले.

डबा उघडला. चिठ्ठ्या बाहेर काढल्या, एकेक कापडासारखी सपाट केली. समोर कप्पे ठेवले, चिन्हावार. अधिकारी बाई एकेक चिठ्ठी उचलायच्या, आम्हाला दाखवायच्या, कप्प्यात टाकायच्या. पहिली विजयसिंहांची. दुसरी विजयसिंहांची. तिसरी कपबशी. चौथी विजयसिंहांची. मी जाळी धरली. मला वाडीतलं एकेक घर दिसायला लागलं. ही कुणाची? शेजारच्या काकूची? काजूच्या बागेतल्या म्हाताऱ्याची? ताई उठून माझ्या मागं येऊन उभी राहिली होती. तिनं माझा खांदा धरला.

मग कपबशी. कपबशी. कपबशी. नंतर विजयसिंह, एक. परत कपबशी, कपबशी. जणू सकाळी लवकर रांगेत पुरुष होते आणि मग घरातली कामं उरकून बायका आल्या होत्या. खरंतर डब्यात चिठ्ठ्या एकमेकांत मिसळलेल्या असतात, असं काही कळत नाही. पण मला तसं दिसलं. ओल्या पायाच्या, डोक्यावर पदर घेतलेल्या बायका, आता पहाटे घाट उतरावा न लागणाऱ्या पोरींच्या आया, एकीमागं एक. कपबशीचा कप्पा भरला, बाईंनी दुसरा घेतला.

जोतीराम पुटपुटत मोजत होता. मधेच त्यानं मोजणं सोडलं.

साहेबांनी बेरीज दोनदा तपासली. मग माइक न घेता, आमच्याकडं बघूनच म्हणाले, "क्रांतीताई एकशे बारा मतांनी पुढे. हा अंतिम आकडा."

विजयसिंहांच्या बाजूनं फेरमोजणीचा अर्ज आला. साहेबांनी चिठ्ठ्या परत मोजून घेतल्या, तितक्याच भरल्या. जोतीरामनं सही केली, टोपी डोक्यावर घातली आणि माझ्याकडं बघून हात जोडले. "तुमच्या माहेराला रामराम सांगा," तो म्हणाला.

ताई रडली नाही. ती हसलीही नाही. सर्टिफिकेट हातात येईपर्यंत तिनं माझा खांदा सोडला नाही, दुसऱ्या दिवशी तिथं काळंनिळं झालं होतं.

आम्ही बाहेर आलो तेव्हा बातमी आमच्या आधी पोचली होती. तिकडची हलगी मधेच थांबली होती. सगळं मैदान लाल आणि गप्प. आमची माणसं ट्रॉलीभोवती उभी, अजून विश्वास नसल्यासारखी. आणि दोन्हींच्या मध्ये, आपल्या गाडीकडं निघालेले विजयसिंह. त्यांच्याभोवतीची माणसं पांगली होती. त्यांचे काळे केस, पांढरे कपडे, भुवया, सगळं लाल. गाडी आमच्या ट्रॉलीच्या पलीकडं लावलेली. आमच्यातनंच जावं लागणार होतं.

गुंडूला ते दिसलं. त्यानं ताडपत्री ओढली, दोन्ही मुठी भरल्या आणि ट्रॉलीवर चढून सगळ्या मैदानाला ऐकू जाईल असं ओरडला, "काय साहेब, रंगपंचमी लवकर आली व्हय औंदा?"

चौतीस वर्षं हे वाक्य आमच्या गावानं जपून ठेवलं होतं. सगळे हसले. पोरांनी मुठी भरल्या.

आण्णा ट्रॉलीवरून उतरले. उतरताना त्यांना कुणी हात द्यावा लागला नाही. ते सरळ चालत विजयसिंहांपुढं गेले आणि छत्री फट्दिशी उघडली. पोरांना वाटलं, आण्णा नेहमीसारखे स्वतःला वाचवताहेत. पण छत्री विजयसिंहांच्या डोक्यावर होती.

"मूठ खाली घे गुंड्या," आण्णा म्हणाले. आवाज चढवला नव्हता, पण गुंडूच्या मुठीतला गुलाल बोटांतनं खाली सांडला.

विजयसिंह थांबले. दोघं म्हातारे एका छत्रीखाली उभे राहिले. मग चालायला लागले. माणसं बाजूला झाली. मी अगदी जवळ होते, म्हणून ऐकलं.

"छत्री चांगली हाय की आण्णा," विजयसिंह म्हणाले.

"नव्वद सालची हाय. एक काडी मोडलेली न्हाय."

गाडीपाशी पोचल्यावर आण्णांनी खांद्यावरचा टॉवेल काढून दिला. "तोंड पुसून जावा. घरात लेकरं असतील, घाबरतील."

विजयसिंहांनी तोंड पुसलं. टॉवेल परत द्यायला गेले, मग लाल झालेला बघून तसाच हातात ठेवला. त्यांनी ताईकडं बघितलं आणि मान थोडी खाली केली. गाडी गेली.

आण्णा तिथंच उभे राहिले, छत्री अजून उघडी, तिच्याखाली आता कुणी नाही. ताई चालत त्यांच्यापाशी गेली आणि सर्टिफिकेट त्यांच्यापुढं धरलं. आण्णांनी खिशातून चष्मा काढला, लावला, आणि सगळं वाचलं. वरपासून खालपर्यंत, शिक्क्यासकट. मग त्यांनी छत्री मिटली.

मिटली आणि मागं न बघता आक्कांकडं दिली.

पहिली मूठ गुंडूनं नाही टाकली, त्याची हिंमत झाली नाही. ताईनं दोन्ही ओंजळी भरल्या आणि आण्णांच्या डोक्यावर ओतल्या, अभिषेक करावा तशा. त्यांचे पांढरे केस, कपाळ, मिशा, चष्म्याच्या काचा. आण्णा डोळे मिटून उभे. गालावरून दोन रेघा स्वच्छ झाल्या आणि परत लाल झाल्या. "चांगभलं!" कुणीतरी ओरडलं, आणि मग हलगी, घुमकं, कैताळ, सगळं एकदम सुटलं. नाद खुळा म्हणतात तो मी त्या दिवशी बघितला.

सम्राट कुठून तरी आला, लाल होऊन, मला उचलून गोल फिरवायच्या बेतात होता. मी म्हणाले, "आधी मोना!" मोना हलगीनं जागी झाली होती आणि आक्कांच्या कडेवरून डोळे मोठे करून बघत होती. गुलाल तिच्या नाकातोंडात जाईल म्हणून मी धावले. पण माझ्या आधी आण्णा पोचले. आक्कांच्या हातातली छत्री त्यांनी घेतली आणि नातीवर उघडली.

"हिचं अजून लई दिवस हायत," ते म्हणाले. "हिला हिचा गुलाल मिळंल."

घरची वाट अजून तीच आहे, विजयसिंहांच्या गावातनं. ट्रॅक्टर मागं ठेवून सगळे चालत निघालो. पुढं हलगी, मग आण्णा, डोक्यापासून पायापर्यंत लाल, हातात छत्री, छत्रीखाली आक्कांच्या कडेवर मोना, सगळ्या मिरवणुकीत तेवढीच एक पांढरी. रस्त्याच्या दोन्ही अंगाला माणसं उभी होती. काही गप्प, काही हात जोडणारी. एका घराच्या पायरीवर एक म्हातारी उठून उभी राहिली आणि तिनं नुसतंच ताईला डोळे भरून बघितलं.

मी चालता चालता आईला फोन लावला. हलगीत काही ऐकू येईना.

"आई! आता तरी सांग, कुणाला दिलंस?"

"गुप्त म्हंजे गुप्त," आई ओरडली. तिच्या मागं आमच्या वाडीतही कुणीतरी डबा बडवत होतं.

फोन बंद करून बघते तर आमच्या नव्या आमदारबाई पुढं गेलेल्या. चप्पल हातात, पदर खोचलेला, केस सुटलेले, गुंडूच्या हलगीपुढं. अडतीस वर्षांची बाई, चार वर्षांच्या पोरीसारखी दोन्ही हात वर करून नाचत होती. आण्णा तिच्याकडं बघत चालले होते, आणि या खेपेला तिला सांगण्यासारखं त्यांच्यापाशी काहीच राहिलं नव्हतं. ती त्या सगळ्या वाटेनं, घराच्या उंबऱ्यापर्यंत, नाचत आली.